प्रकाश, नाद आणि काल : एका योजित कलेच्या माध्यमाचा प्रश्न

१

कला सामान्यतः आधी अस्तित्वात येते आणि तिचे शास्त्र मागाहून घडते. नाट्यप्रयोग होत होते म्हणून नाट्यशास्त्र लिहिले गेले. गाणारे गात होते म्हणून श्रुतिस्वरांची चर्चा उद्भवली. प्रकाश आणि नाद यांना कालाच्या ओघात एकत्र बांधू पाहणाऱ्या कलेचा इतिहास मात्र या क्रमाच्या नेमका उलट चालतो. १७२५ मध्ये लुई-बर्त्राँ कास्तेल या फ्रेंच जेझुइट गणितज्ञाने 'डोळ्यांसाठी वाजवावयाच्या' वाद्याची कल्पना जाहीर केली, तेव्हा या वाद्यासाठी रचलेली एकही कृती कोणाच्या समोर नव्हती. १७९० मध्ये कांटने ललित कलांचे वर्गीकरण करताना 'संवेदनांची सुंदर क्रीडा' असा एक वर्ग कल्पिला आणि त्यात संगीताच्या जोडीला 'रंगकले'ला स्थान दिले. तेव्हाही ज्याला परंपरा म्हणता येईल असे त्या कलेच्या वाट्याला काही आलेले नव्हते. म्हणजे सिद्धांतात जागा आरक्षित झाली. कलाकृती पुढे यावयाच्या होत्या.

अशा योजित कलेविषयी एक सोपा आणि एक अवघड असे दोन प्रश्न विचारता येतात. ही कला यशस्वी झाली की नाही, हा सोपा प्रश्न. तिचे माध्यम कोणते, हा अवघड. मराठी सौंदर्यविचाराच्या दृष्टीने दुसरा प्रश्न टाळता येण्याजोगा नाही, कारण बा. सी. मर्ढेकर यांच्या 'सौंदर्य आणि साहित्य' या ग्रंथापासून माध्यमाची संकल्पना आपल्या समीक्षेच्या केंद्रस्थानी राहिली आहे. संगीताचे माध्यम ध्वनिसंवेदना, चित्राचे रंगरेषांच्या संवेदना, साहित्याचे भावनात्मक अर्थ. आणि या प्रत्येक माध्यमाची संवाद, विरोध व समतोल या लयतत्त्वांनी झालेली संघटना म्हणजे त्या त्या कलेतील सौंदर्य, अशी ती मांडणी आहे. ज्या कलेत प्रकाश आणि नाद दोन्ही आहेत तिचे काय करावयाचे? तिला दोन माध्यमे आहेत असे म्हटले तर ती दोन कलांची बेरीज ठरते. एकच माध्यम आहे असे म्हटले तर ते प्रकाश नव्हे आणि नादही नव्हे. ही कोंडी केवळ पारिभाषिक नाही. या कलेच्या इतिहासातील जवळजवळ प्रत्येक प्रयोगकर्त्याने ती प्रत्यक्ष अनुभवली आहे, आणि तिच्यातून बाहेर पडण्याच्या प्रत्येकाच्या वाटेत माध्यमाविषयीचा एक सिद्धांत गृहीत आहे.

२

कास्तेलचे गृहीतक साधर्म्याचे होते. न्यूटनने १७०४ च्या प्रकाशशास्त्रविषयक ग्रंथात वर्णपटाचे सात भाग कल्पून त्यांच्या रुंदीची तुलना सप्तकातील स्वरांतरांशी केली होती. कास्तेलचे न्यूटनशी तीव्र मतभेद होते. तरीही स्वर आणि रंग यांच्यात काही निसर्गसिद्ध जोड्या आहेत, ही कल्पना त्यानेही पत्करली. एकदा अशी जोडी मान्य केली की पुढचे सारे यंत्रशास्त्राचे काम उरते : पट्टी दाबावी, स्वर उमटावा, त्याच क्षणी त्याचा रंग दिसावा. १८९३ मध्ये इंग्लंडमध्ये अलेक्झांडर वॉलेस रिमिंग्टन याने ज्या 'रंगवाद्या'चे एकस्व घेतले आणि १८९५ मध्ये ज्याचे लंडनमध्ये प्रात्यक्षिक केले, त्याच्या मुळाशीही वर्णपटाची सप्तकासारखी विभागणीच होती.

या साधर्म्यावरील सर्वांत मर्मग्राही आक्षेप रूसोने भाषेच्या उत्पत्तीविषयीच्या निबंधात घेतला. तो त्याच्या मृत्यूनंतर १७८१ मध्ये प्रकाशित झाला. रूसोच्या विवेचनाचा आशय असा की, रंगांचा परिणाम त्यांच्या स्थायित्वात असतो आणि स्वरांचा त्यांच्या अनुक्रमात. रंग आपल्या जागी एकटा असूनही रंगच असतो. स्वराला मात्र आपल्या शेजाऱ्यांच्या संबंधातूनच मूल्य प्राप्त होते. म्हणून रंग स्वरांसारखे एकामागून एक भराभर दाखविणे म्हणजे डोळ्यांसाठी संगीत निर्माण करणे नव्हे. हा आक्षेप वाचताना लेसिंगच्या 'लाओकून'मधील (१७६६) विभागणीची आठवण होते : चित्रशिल्पादी कला अवकाशातील सहवर्तित्वाच्या, काव्य कालातील अनुक्रमाचे.

रूसोच्या आक्षेपाला पुढील विज्ञानानेही बळकटी दिली. श्रवणाचा पल्ला सुमारे दहा सप्तकांचा आहे. दृश्य प्रकाशाचा पल्ला कंपनसंख्येच्या हिशेबाने एका सप्तकाएवढाही जेमतेम भरतो. तेव्हा 'वरच्या सप्तकातील षड्ज' या कल्पनेला रंगांत प्रतिरूपच नाही. त्याहून मूलभूत भेद मिश्रणाचा. दोन स्वर एकत्र वाजले तर कान ते दोन म्हणून ओळखू शकतो. लाल आणि हिरवा प्रकाश एकाच जागी पडला तर डोळ्याला तिसराच, पिवळा रंग दिसतो. कान पृथक्करण करतो, डोळा एकीकरण करतो. स्वरमेळ ही कल्पनाच रंगांच्या बाबतीत अक्षरशः लागू करता येत नाही.

याच ठिकाणी कांटची शंका लक्षात घेण्याजोगी आहे. नाद आणि प्रकाश यांची कंपने इतकी शीघ्र असतात की त्यांच्यातील कालविभागणीचे प्रमाण आपल्याला प्रत्यक्ष संवेदनेत जाणवत नसावे, आपल्या वाट्याला येतो तो केवळ त्यांचा शरीरावरील परिणाम, असे मानले तर या कला 'सुंदर' नसून केवळ 'सुखद' ठरतील, असे तो म्हणतो. उलट बाजूही मांडतो आणि निर्णय काहीसा अधांतरी ठेवतो. कांटचा रोख सूक्ष्म कालावर, म्हणजे एकेका स्वराच्या वा रंगाच्या अंतर्गत कंपनांवर आहे. साधर्म्यवादीही याच पातळीवर प्रकाश आणि नाद यांचे नाते शोधत होते. परंतु कलाकृतीचा काल हा कंपनांचा काल नव्हे; तो वाढीचा, प्रतीक्षेचा, परतीचा काल आहे. प्रकाश आणि नाद यांचे नाते असलेच तर ते या दुसऱ्या पातळीवर असले पाहिजे.

३

हे अनुमान तपासण्यासाठी अलेक्झांडर स्क्रियाबिनच्या 'प्रॉमिथिअस : अग्नीचे काव्य' या रचनेइतके सोयीचे उदाहरण नाही, कारण तिच्यात दोन्ही पातळ्या एकाच संहितेत शेजारी शेजारी लिहिलेल्या आहेत. १९११ मध्ये मॉस्कोत कुसेवित्स्कीच्या संचालनाखाली तिचा पहिला प्रयोग झाला तो प्रकाशाविना. प्रकाशासह ती प्रथम सादर झाली न्यूयॉर्कमध्ये, २० मार्च १९१५ रोजी. आणि पुढील महिन्यात स्क्रियाबिनचे निधन झाले. ही रचना आजवर मुख्यतः प्रकाशाविनाच वाजविली जात आली आहे, आणि त्यामुळे प्रकाश हा तिचा अलंकार होता, अंग नव्हे, असा समज रूढ झाला.

संहिता मात्र वेगळे सांगते. वाद्यवृंदाच्या लेखनात सर्वांत वर प्रकाशाच्या पट्ट्यांसाठी स्वतंत्र ओळ आहे आणि तिच्यात दोन धारा आहेत. शीघ्र धारा स्वरसंहतीच्या मूलस्वराचा पाठलाग करते : संहती बदलली की रंग बदलतो. रंगांची योजना पंचमांच्या वर्तुळाप्रमाणे लावलेली आहे. ही धारा म्हणजे कास्तेलचेच स्वप्न. जे कानाला कळले तेच ती डोळ्याला पुन्हा सांगते. ती वगळल्याने श्रोत्याचे फारसे काही बुडत नाही.

मंद धारेची गोष्ट निराळी. तिच्यात एकेक स्वर अनेक आवर्तनांपर्यंत टिकून राहतो, आणि सुमारे वीस मिनिटांच्या रचनेत ती तीव्र 'एफ'पासून पूर्ण स्वरांतरांच्या सहा पावलांनी चढत पुन्हा तीव्र 'एफ'वर येते. रंगांच्या भाषेत, निळ्यापासून निघून मध्यावर लाल ओलांडून पुन्हा निळ्याकडे. ही चढण वाद्यवृंदात कोणीही वाजवीत नाही. शेवटच्या तीव्र 'एफ'च्या शुद्ध त्रिस्वरावर वाद्यवृंद येऊन थांबतो तेव्हाच ती धारा आणि नाद यांची गाठ पडते. याचा अर्थ असा की, संपूर्ण कृतीचा आद्यन्त घाट सलगपणे प्रकाशाच्या ओळीतच लिहिलेला आहे. येथे प्रकाश नादाचे भाषांतर करीत नाही. नादाला न पेलणारा दीर्घ काल तो धरून ठेवतो.

यावर एक आक्षेप रास्त आहे. डोळा स्थिर रंगाला सरावतो; कित्येक मिनिटे निळ्या प्रकाशात बसलेल्या प्रेक्षकाला निळेपणा जाणवेनासा होतो. जे जाणवत नाही ते संवेदनांच्या संघटनेत कसे धरावे? या आक्षेपाचे अंशतः उत्तर आपल्या मैफलीत सापडते. तंबोऱ्याकडे रसिक अवधान देत नाही. तरी त्याच्या षड्जावाचून गायकाच्या कोणत्याही स्वराला स्थान उरत नाही. अवधानाचा विषय नसणे आणि अनुभवाचा घटक नसणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. मात्र भेदही नोंदविला पाहिजे. तंबोरा अचल असतो. स्क्रियाबिनची मंद धारा सरकते. म्हणजे ती आधारभूमीच हलविते, आणि हे हलणे त्या त्या संक्रमणक्षणी डोळ्याला जाणवते. सहा संक्रमणांनी वीस मिनिटांचे टप्पे पडतात. प्रयोगात ते जाणवतात की नाही हे प्रकाशयोजनेच्या कौशल्यावर अवलंबून असेल. परंतु योजना म्हणून त्यांचे कार्य निश्चित आहे.

४

स्क्रियाबिननंतरच्या दोन प्रयोगकर्त्यांनी माध्यमाची कोंडी परस्परविरुद्ध दिशांनी फोडू पाहिली. डेन्मार्कमध्ये जन्मलेल्या टॉमस विल्फ्रेडने १९२२ मध्ये न्यूयॉर्कमध्ये आपल्या 'क्लाव्हिलक्स' या यंत्रावर प्रकाशरचना सादर केल्या आणि या कलेला 'लुमिआ' हे नाव दिले. त्याची भूमिका शुद्धतावादी होती. रूप, रंग आणि गती हे लुमिआचे घटक. तिला संगीताच्या आधाराची गरज नाही, म्हणून ती निःशब्दच पाहावी. मर्ढेकरांच्या परिभाषेत बोलावयाचे तर विल्फ्रेडने दुसरे माध्यम काढून टाकून पहिल्याची स्वायत्तता सिद्ध करू पाहिली. संथपणे उलगडणारे, विरणारे त्याचे प्रकाशाकार पाहता रूसोच्या आक्षेपाला त्याने दिलेले उत्तर मान्य करावे लागते : रंगाला अनुक्रम सोसत नाही हे खरे नाही, त्याला स्वरांची त्वरा सोसत नाही एवढेच खरे.

परंतु स्वयंचलित यंत्रांच्या टप्प्यावर एक नवाच पेच निर्माण झाला. १९६५-६६ मधील 'ओपस १६१' या कृतीचे संपूर्ण चक्र १ वर्ष, ३१५ दिवस आणि १२ तासांचे आहे. हा काल यंत्राचा आहे, कोणाही प्रेक्षकाच्या अनुभवाचा नाही. ज्याचा आरंभ कोणी पाहत नाही आणि ज्याची परत कोणाला ओळखता येत नाही, त्यात समतोललय कशी संभवेल? विल्फ्रेडच्या कृतीतील कोणताही तुकडा सुंदर असू शकतो. पण अखंड कृतीचा घाट ही केवळ गणिती वस्तू ठरते. शुद्ध माध्यम हाती आले, घाट निसटला.

बैरुतमध्ये जन्मलेली आणि फिलाडेल्फियात पियानोवादक म्हणून नावारूपाला आलेली मेरी हॅलॉक-ग्रीनवॉल्ट हिची वाट दुसरी. तिने आपल्या कलेला 'नूराथार' असे अरबी शब्दांवरून घडविलेले नाव दिले. त्यातील 'नूर' मराठी वाचकालाही परका नाही. तिने संगीताची सोबत सोडली नाही, परंतु स्वर आणि रंग यांची ठरीव जोडी नाकारली. तिच्या दृष्टीने प्रकाशाचे खरे सामर्थ्य रंगभेदापेक्षा तेजाच्या चढउतारात होते आणि तो चढउतार वादकाच्या प्रतिभेने ठरावयाचा होता. तेज अतिशय सूक्ष्म पायऱ्यांनी कमीजास्त करणारा विद्युतनियंत्रक तिने स्वतः रचला, प्रकाशासाठी लेखनपद्धती योजिली आणि १९४६ मध्ये या कलेवर ग्रंथही प्रसिद्ध केला.

तिच्या एकस्वांवरून झालेला वाद सौंदर्यशास्त्राच्या अभ्यासकांनी दुर्लक्षू नये असा आहे. संगीताबरोबर प्रकाश बदलीत नेण्याच्या तिच्या पद्धतीचे एकस्व अमेरिकेतील एका अपील न्यायालयाने १९३१ मध्ये अमान्य केले. भावनिक वा सौंदर्यात्मक प्रतिक्रियेसारख्या अमूर्त गोष्टींवर अवलंबून असलेल्या परिणामाला एकस्व देता येत नाही, असा त्या निर्णयाचा आशय होता. न्यायालयाने नकळत एक तात्त्विक भेद केला : वाद्य शोधता येते, कला शोधता येत नाही. वाद्याच्या मागे ते वाजविणाऱ्यांची, ऐकणाऱ्यांची, चूक आणि बरोबर ओळखणाऱ्यांची परंपरा उभी राहावी लागते. ग्रीनवॉल्टच्या नूराथारला ती लाभली नाही.

दोन शुद्धतावाद्यांच्या या चर्चेत लोकप्रिय 'ध्वनिप्रकाश' कार्यक्रमाचा विचार थोडक्यात उरकता येतो. १९५२ मध्ये फ्रान्समधील शांबोर प्रासादात सुरू झालेला हा प्रकार पुढे आपल्याकडील किल्ल्यांपर्यंतही पोहोचला. त्यात प्रकाश आणि नाद दोघेही निवेदनाचे सेवक असतात. निवेदक ज्या दालनाचे नाव घेतो ते उजळते. काल तेथे कथेचा असतो, म्हणून या प्रकारात वेगळ्या माध्यमाचा प्रश्नच उपस्थित होत नाही.

५

तो प्रश्न पुन्हा खऱ्या अर्थाने उपस्थित केला यानिस झेनाकिसने. १९६७ च्या माँट्रिअल प्रदर्शनातील फ्रेंच दालनात त्याने उभारलेल्या 'पॉलिटोप'मध्ये पोलादी तारांच्या जाळ्यावर सुमारे १२०० दिवे बसविलेले होते. ते सेकंदाला पंचवीस वेळांपर्यंत बदलू शकत. नाद होता चार सारख्या वाद्यसमूहांचा. झेनाकिसने या दोहोंत कोणतीही जोडी लावली नाही. प्रकाश तुटक, बिंदूंचा. नाद अखंड, एका उंचीवरून दुसरीकडे घसरत जाणारा, आपल्या मींडेची आठवण करून देणारा. दिव्यांची उघडझाप स्वराशी जुळत नाही, आणि न जुळणे हीच योजना आहे.

येथे मर्ढेकरांच्या लयविचाराची उपयुक्तता आणि त्याची मर्यादा एकाच वेळी उघड होतात. बिंदू आणि रेघ, तुटक आणि अखंड यांच्यातील हे नाते विरोधलयीचे इतके निर्भेळ उदाहरण आहे की त्याचे वर्णन करण्यास याहून नेमकी संज्ञा सापडणार नाही. पण हा विरोध कशाकशात आहे? लाल आणि हिरवा यांत विरोध असू शकतो, कारण दोन्ही रंग आहेत. रंग आणि स्वर यांत तो अर्थपूर्ण ठरण्यासाठी दोघांना मोजणारी समान भूमी लागते. पॉलिटोपमध्ये ती भूमी संवेदनेच्या गुणात नाही, तिच्या कालरूपात आहे. तुटकपणा आणि अखंडता हे रंगाचे वा स्वराचे गुण नव्हेत. ते कालात असण्याचे प्रकार आहेत.

म्हणजे स्क्रियाबिनची मंद धारा आणि झेनाकिसचा विसंवाद दोन टोकांवरून एकाच निष्कर्षाकडे येतात. या कलेत प्रकाश आणि नाद हे घटक आहेत, पण काल हा तिसरा घटक नाही. काल हे तिचे माध्यम आहे, आणि प्रकाश व नाद ही ते जाणवून देणारी दोन साधने. 'प्रकाश अधिक नाद अधिक काल' हे सूत्र म्हणूनच फसवे आहे.

६

प्रकाश आणि नाद यांचे कालाधिष्ठित नाते कल्पिण्यासाठी यंत्राची आवश्यकता नाही, याचा दाखला आपल्या परंपरेतच आहे. स्क्रियाबिनने ज्या 'मिस्टेरियम' या अपूर्ण महाकृतीचा ध्यास घेतला होता, ती सात दिवस चालावयाची होती आणि हिमालयाच्या पायथ्याशी व्हावयाची होती. थिऑसफीच्या प्रभावाखालील त्याच्या मनातला भारत ही एक आध्यात्मिक रंगभूमी होती. योगायोग असा की, त्याच सुमारास, १९१० पासून, पंडित विष्णु नारायण भातखंडे 'हिंदुस्थानी संगीतपद्धती' मराठीत लिहीत होते आणि तीत रागांच्या समयाची सुसंगत व्यवस्था लावीत होते. त्या व्यवस्थेत एका वर्गाचे नावच प्रकाशावरून आलेले आहे : संधिप्रकाश राग. कोमल रिषभ आणि शुद्ध गंधार-निषाद ही त्यांची सर्वसाधारण खूण. शुद्ध मध्यमाचे प्राबल्य असले तर पहाट, तीव्र मध्यमाचे असले तर सायंकाळ. भैरव पहिल्या बाजूला, पूर्वी आणि मारवा दुसऱ्या. म्हणूनच मध्यमाला 'अध्वदर्शक' म्हटले गेले.

येथे एकाही स्वराला रंग नाही. जोडलेले आहे ते एका संक्रमणाशी दुसरे संक्रमण : उजेड येण्याजाण्याशी स्वरव्यवस्थेचे पालटणे. अर्थात हे नाते निसर्गसिद्ध आहे असा दावा करण्याचे कारण नाही. कर्नाटक संगीत समयाचा नियम इतक्या काटेकोरपणे पाळत नाही, आणि विद्युत्प्रकाशातील सभागृहात मारवा ऐकणाऱ्यासमोर सायंकाळ नसतेच. नाते संकेताचे आहे. पण दीर्घ अभ्यासाने रसिकाच्या अपेक्षेत मुरलेला संकेत कास्तेलच्या कल्पित निसर्गनियमापेक्षा अधिक कार्य करतो. ग्रीनवॉल्टला जी परंपरा मिळाली नाही ती हीच.

७

या विवेचनातून माध्यमाच्या सिद्धांतासंबंधी काय निष्पन्न होते? मर्ढेकरांचा सिद्धांत बाद ठरतो असे नव्हे. लयतत्त्वे येथे लागू पडतात. इतर कोणत्याही संज्ञेपेक्षा अधिक नेमकेपणाने पडतात. अडचण येते ती लयतत्त्वांना विशिष्ट इंद्रियसंवेदनेच्या चौकटीत बंदिस्त केल्यामुळे. लय हा मूळचा कालवाचक शब्द आहे. मर्ढेकरांनी त्याचा विस्तार करून तो रंगरेषांनाही लागू केला. प्रस्तुत कलेचा अनुभव सुचवितो की त्या विस्ताराच्या प्रवासात शब्दाचा मूळ आशय काहीसा मागे पडला. तो परत आणला तर 'मिश्र' कला अशुद्ध मानण्याचे कारण उरत नाही. आकाशवाणीत नोकरी करणाऱ्या आणि संगीतिका लिहिणाऱ्या मर्ढेकरांच्या स्वतःच्या निर्मितीकडेही मग सिद्धांताला अपवाद म्हणून पाहावे लागणार नाही. संगीतिकेत शब्द आणि स्वर यांचे नाते कोणता काल घडविते, असा प्रश्न तिच्या समीक्षेला विचारता येईल.

याचा पुढचा टप्पा म्हणजे सर्व कलांचे माध्यम काल आहे असे घोषित करणे नव्हे. रा. भा. पाटणकरांनी 'सौंदर्यमीमांसे'त लौकिकतावादी आणि अलौकिकतावादी अशा दोन ध्रुवांची जी मांडणी केली, तिचा एक धडा असा आहे की कलेच्या संकल्पनेला एकच सत्त्व चिकटविण्याचा मोह आवरावा. येथे मांडलेला निष्कर्ष ज्या कलांत एकाहून अधिक इंद्रिये गुंतलेली आहेत त्यांच्यापुरता आहे. त्या क्षेत्रात तो एक उपयोगी कसोटी देतो. एक साधन वगळून पाहावे : उरलेल्या कृतीतून केवळ शोभा कमी झाली, की तिच्या कालाचा घाटच बदलला? 'प्रॉमिथिअस'ची शीघ्र धारा या कसोटीवर वगळता येते, मंद धारा येत नाही. नाटकातील पार्श्वसंगीत, चित्रपटातील प्रकाशयोजना, काव्यगायनातील चाल यांच्याविषयीची आपली बरीचशी समीक्षा 'पूरक' आणि 'परिणामकारक' या विशेषणांवर थांबते. तिला त्यापुढे जावयाचे असेल तर हा प्रश्न प्रत्येक कृतीला स्वतंत्रपणे विचारावा लागेल.